अल्यूशियन बेटांवरचे युद्ध: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दुसऱ्या महायुद्धात जपानी सैन्य अमेरिकेच्या भूमीवर उतरून वर्षभर ठाण मांडून बसले होते, हे ऐकून पुष्कळांचा विश्वास बसत नाही. मग प्रश्न सुरू होतात, आणि ते बहुधा तेच तेच असतात. ते इथे एकत्र केले आहेत. बंदुका, विमाने, जहाजे यांच्याबद्दल लोक जास्त विचारतात, तिथे राहणाऱ्या माणसांबद्दल कमी. उत्तरे लिहिताना मात्र हे प्रमाण मुद्दाम पाळलेले नाही.

१. अल्यूशियन बेटे नेमकी आहेत कुठे?

अ‍ॅलास्काच्या नैर्ऋत्य टोकापासून रशियाच्या कामचाटकाकडे गेलेली ही ज्वालामुखी बेटांची रांग सुमारे १,९०० किलोमीटर लांब आहे. तिच्या उत्तरेला बेरिंग समुद्र आणि दक्षिणेला प्रशांत महासागर. या पानावर काही नावे पुन्हा पुन्हा येतील, तेवढी डोक्यात असू द्या: पूर्वेकडे उनालास्का आणि त्याला लागून डच हार्बरचे बंदर, मध्ये अ‍ॅट्का आणि एडॅक, त्यापुढे अ‍ॅम्चिट्का आणि किस्का, आणि सगळ्यात पश्चिमेला अट्टू. या बेटांवर झाड औषधालाही सापडत नाही. गवत, शेवाळ, दलदल आणि दगड, एवढेच.

२. मग असल्या ओसाड जागेत जपानला काय हवे होते?

जुन्या पुस्तकांत छापील उत्तर असते: प्रशांत महासागरातल्या मिडवे बेटाजवळच्या लढाईवरून अमेरिकेचे लक्ष उडवण्यासाठी टाकलेला हा डाव होता. हे अर्धेच खरे आहे. जपानला उत्तरेकडून स्वतःचा बचाव करायचा होता. एप्रिल १९४२ मध्ये अमेरिकी विमानांनी टोकियोवर बॉम्ब टाकले, तेव्हापासून पूर्व आणि उत्तरेकडची आपली सीमा आणखी पुढे सरकवावी, तिथून टेहळणी करावी, असे त्यांच्या आरमाराला वाटू लागले होते. ३ आणि ४ जून १९४२ ला र्‍यूजो आणि जुन्यो या विमानवाहू नौकांवरच्या विमानांनी डच हार्बरवर हल्ले केले, त्यात चाळीसहून अधिक अमेरिकी मेले. ६ जूनला किस्का आणि ७ जूनला अट्टू जपानने घेतले. अमेरिकेच्या मुख्य भूमीवर चाल करून जाण्याची योजना नव्हती. सिअ‍ॅटलपर्यंत घबराट पसरली होती, ती वेगळी.

३. तिथे मुळात माणसे राहत होती का?

हजारो वर्षांपासून. इंग्रजी पुस्तके त्यांना अल्यूट म्हणतात, ते स्वतःला उनंगन म्हणवतात. कातडी होड्यांतून सील आणि समुद्री ऊदमांजर मारणारे हे दर्यावर्दी लोक. अठराव्या शतकात रशियन फर व्यापारी आले, त्यांनी या लोकांना वेठबिगारीला जुंपले आणि रोगराईही आणली. लोकसंख्या झपाट्याने घटली. मागे राहिला तो रशियन ऑर्थोडॉक्स धर्म. म्हणून प्रत्येक गावात कांद्याच्या आकाराच्या घुमटाचे एक चर्च. १८६७ मध्ये अमेरिकेने अ‍ॅलास्का विकत घेतले तेव्हा हे लोक न विचारता अमेरिकेचे झाले. अट्टूच्या बायका रानगवताच्या अशा टोपल्या विणत की वीण कापडासारखी दिसे. आज त्या संग्रहालयांतल्या काचेच्या कपाटात आहेत.

४. अट्टूच्या गावकऱ्यांचे काय झाले?

गावात ४२ उनंगन होते, आणि शिक्षिका एटा जोन्स व त्यांचे पती चार्ल्स फॉस्टर जोन्स. चार्ल्स रेडिओवरून हवामानाची माहिती कळवत. जपानी सैन्य आल्यानंतर लगेचच त्यांचा मृत्यू झाला. एटा यांना जपानमध्ये नेऊन कैदेत ठेवले, त्या युद्धातून वाचल्या.

गावकरी तीन महिने आपल्याच गावात पहाऱ्याखाली राहिले. सप्टेंबर १९४२ मध्ये सगळ्यांना जहाजात घालून होक्काइडोवरच्या ओतारू या बंदराच्या गावी नेले. धडधाकट माणसांना मातीच्या खाणीत कामाला लावले. ही माणसे मासे, सील आणि पक्ष्यांची अंडी यांवर वाढलेली. इथे पुढ्यात आला थोडासा भात. जपानमध्ये तेव्हा साऱ्यांनाच अन्नाची टंचाई होती हे खरे, पण कैद्याचे ताट सर्वांत शेवटी भरते. क्षयाने आणि उपासमारीने निम्म्याच्या आसपास माणसे गेली. गावचे प्रमुख माइक होडिकॉफही परतले नाहीत.

१९४५ मध्ये सुटका झाल्यावर उरलेल्यांना अट्टूला जायचे होते. सरकारने नकार दिला: इतक्या थोड्या लोकांसाठी गाव पुन्हा उभारणे परवडत नाही म्हणे. बहुतेकांना अ‍ॅट्कावर वसवले. तिथली बोली वेगळी, नातीगोती वेगळी. अट्टूचे गाव त्यानंतर वसलेच नाही.

५. बाकी बेटांवरच्या लोकांना अमेरिकेने वेळीच हलवले. म्हणजे ते वाचले ना?

हा प्रश्न विचारणाऱ्यांना उत्तर आवडत नाही. जून आणि जुलै १९४२ मध्ये अमेरिकी सरकारने नऊ गावांतून ८८१ उनंगन हलवले. उत्तरेकडच्या प्रिबिलॉफ बेटांवरची सेंट पॉल आणि सेंट जॉर्ज ही गावेही त्यात होती. अ‍ॅट्कात तर माणसे मासेमारीच्या तळांवर गेलेली असताना अमेरिकी नौदलाने गाव पेटवले. शत्रूला निवारा मिळू नये म्हणून. चर्चही गेले. इतर गावांना काही तासांची मुदत मिळाली आणि सोबत जेमतेम एखादी पेटी.

त्यांना दक्षिणपूर्व अ‍ॅलास्कात, घरापासून दीड-दोन हजार किलोमीटरवर नेऊन सोडले. फंटर बे इथे माशांचे डबे भरण्याचा बंद पडलेला कारखाना आणि जवळच सोन्याची जुनी खाण होती. त्या शेडमध्ये शेकडो माणसे. किलिस्नू, बर्नेट इनलेट, वॉर्ड लेक इथेही थोड्याफार फरकाने तेच. फटींतून वारा, कांबळी पुरेशी नाहीत, पिण्याच्या पाण्याचा भरवसा नाही, शौचालये भरतीच्या पाण्यावर काढलेली. उघड्या क्षितिजाची सवय असलेल्या लोकांभोवती आता चहूबाजूंनी उंच, ओल्या जंगलाची भिंत होती. गोवर, फ्लू, न्यूमोनिया, क्षय यांच्या साथी आल्या. म्हातारे आणि तान्ही मुले आधी गेली. दहातले साधारण एक माणूस परत गेले नाही.

यातला सर्वांत चीड आणणारा भाग सीलचा आहे. १९४३ च्या उन्हाळ्यात प्रिबिलॉफच्या पुरुषांना परत बेटावर नेले, कारण सीलच्या कातड्यांचा सरकारी धंदा थांबवायचा नव्हता. त्या हंगामात एक लाखाहून जास्त कातडी निघाली. कर्ते पुरुष कातडी सोलत होते आणि बायकामुले फंटर बेला आजारी पडत होती. बेट बायकामुलांसाठी धोक्याचे होते, मजुरांसाठी नव्हते.

प्रिबिलॉफचे लोक १९४४ मध्ये घरी गेले, बाकीचे १९४५ मध्ये. उनालास्काच्या लोकांना घरे फोडलेली, चर्चमधल्या मूर्तिचित्रांपासून चुलीपर्यंत सामान पळवलेले सापडले. जपानी सैन्य उनालास्कावर कधी उतरलेच नव्हते. लूट केली ती तिथे तैनात असलेल्या अमेरिकी सैनिकांनी. मकुशिन, कशेगा, बिओर्का ही छोटी गावे पुढे उठूनच गेली.

६. उनालास्कावरच्या गोऱ्या रहिवाशांनाही हलवले का?

नाही. तिथे ज्यांच्यात एक-अष्टमांश किंवा त्याहून जास्त स्थानिक रक्त, त्यांना हलवायचे असा निकष होता. एकाच गल्लीतला गोरा शेजारी घरी राहिला आणि उनंगन शेजारी जहाजात बसला. मिश्र कुटुंबांत तर नवरा इथे, बायको तिथे अशी गत झाली. धोका बॉम्बचा होता, तर तो कोणाचे पणजोबा कोण हे पाहून पडणार नव्हता.

७. म्हणजे जपानी वंशाच्या अमेरिकनांसारखेच त्यांनाही डांबले होते का?

कागदोपत्री नाही. जपानी वंशाच्या लोकांना संशयित म्हणून डांबले, उनंगनांना ‘संरक्षणासाठी’ हलवले. प्रत्यक्षात मात्र त्यांनाही मर्जीने घरी जाता येत नव्हते. १९८८ मध्ये अमेरिकेने एकाच कायद्यात दोघांचीही माफी मागितली. डांबलेल्या जपानी-अमेरिकनांपैकी हयात असलेल्यांना प्रत्येकी २०,००० डॉलर, तर सरकारने हलवलेल्या हयात उनंगनांना १२,००० डॉलर ठरले. चर्चच्या नुकसानीसाठी आणि अट्टूच्या जमिनीसाठी स्वतंत्र तरतूद होती. सेहेचाळीस वर्षांनंतर ही रक्कम घ्यायला किती जण उरले असतील, याचा अंदाज वरच्या उत्तरावरून करा.

८. किस्कावर कोणाला पकडले?

किस्कावर गाव नव्हते. अमेरिकी नौदलाचे हवामान केंद्र होते, त्यात दहा माणसे. नऊ जण लवकर सापडले. दहावे विल्यम हाउस डोंगरात पळाले आणि गवत, मुळे, किडे खाऊन सुमारे ५० दिवस काढले. अंगात त्राण उरले नाही तेव्हा ते स्वतःहून शरण आले. सगळ्यांना जपानला नेले. केंद्रातली ‘एक्सप्लोजन’ नावाची कुत्री मात्र बेटावरच राहिली. आधी अमेरिकनांची, मग वर्षभर जपान्यांची. १९४३ मध्ये दोस्त सैन्य उतरले तेव्हा ती पुन्हा हजर.

९. हवामान इतके वाईट म्हणजे किती वाईट?

थंडी सैबेरियासारखी नसते, हे आधी लक्षात घ्या. पारा बहुधा शून्याच्या आगेमागे. त्रास ओलीचा आणि वाऱ्याचा. दक्षिणेकडून येणारी उबदार हवा बेरिंग समुद्राच्या थंड पाण्यावर येते आणि धुके धरते. दुसरीकडे वारा सुटला की धुके विरते. इथे दोन्ही एकाच वेळी असतात. डोंगरावरून अचानक कोसळणारे झोत तंबू उचलून नेत. अट्टूवर लख्ख दिवस वर्षात हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. जमिनीवरचा शेवाळी थर पाय ठेवला की गुडघ्यापर्यंत आत घेतो. त्यात ट्रकच काय, ट्रॅक्टरही रुतत. म्हणून धावपट्ट्यांवर भोके पाडलेले पोलादी पत्रे एकमेकांत अडकवून अंथरावे लागले. ऑगस्ट १९४२ अखेर एडॅकवर उतरलेल्या अभियंत्यांनी तर भरतीच्या खाजणाला बांध घालून, पाणी काढून, पंधरवड्याच्या आत धावपट्टी केली. अमेरिकेची शत्रूने पाडली त्याहून कितीतरी जास्त विमाने इथे हवामानाने आणि अपघातांनी गेली. १२ जानेवारी १९४३ ला अ‍ॅम्चिट्कावर सैन्य उतरताना समोर शत्रू नव्हताच, तरी ‘वर्डन’ ही विनाशिका खडकावर फुटून १४ खलाशी बुडाले.

१०. अट्टूची लढाई तीन दिवसांत संपवायची होती. मग एकोणीस दिवस का लागले?

११ मे १९४३ ला अमेरिकेची सातवी इन्फंट्री डिव्हिजन उतरली. या डिव्हिजनला कॅलिफोर्नियात वाळवंटी युद्धाचे शिक्षण मिळाले होते. ती उत्तर आफ्रिकेत जायची होती. अंगावर पुरेसे गरम कपडे नाहीत आणि पायात साधे चामडी बूट. ते पहिल्याच दिवशी भिजले, आणि पुढे वाळायला जागाच नव्हती. दिवसरात्र ओल्या खंदकात उभे राहिल्यावर पाय आधी पांढरे, मग बधिर, मग सुजून काळेनिळे होतात. बूट काढला तर परत चढत नाही. म्हणून पुष्कळांनी तो काढलाच नाही, आणि बोटे गमावली.

जपानी कर्नल यासुयो यामासाकी यांनी किनारा मोकळा सोडून वरचे कडे धरले होते. धुके उंचावर असे, खालची दरी उघडी. वरून खालचे दिसे, खालून वरचे दिसत नसे. रसद पुढे नेण्यासाठी अर्धे लोक हमाली करत. सेनापती अल्बर्ट ब्राउन यांना लढाईच्या मध्यात बाजूला काढले. माझ्या मते दोष त्यांचा कमी, तीन दिवसांचा हिशोब मांडणाऱ्यांचा जास्त.

अमेरिकेचे ५४९ मेले, १,१४८ जखमी झाले. आणि थंडीने, ओलीने जायबंदी झालेले सुमारे १,२००. म्हणजे गोळीइतकीच माणसे पायांनी घालवली.

११. जपानी सैनिक शेवटी शरण का गेले नाहीत?

सुटकेचा मार्ग मार्चमध्येच बंद झाला होता. अट्टूच्या पश्चिमेकडच्या कोमांदोर्स्की या रशियन बेटांजवळच्या सागरी लढाईत जपानी अ‍ॅडमिरल होसोगाया यांचा ताफा वरचढ असूनही माघारी फिरला आणि जहाजांनी रसद येणे थांबले. त्यानंतर जे काही आले ते पाणबुडीतून. खुद्द यामासाकीही तसेच आले. मेअखेर हजाराच्याही आत माणसे धडपणे उभी राहू शकत होती. २९ मेच्या पहाटे यामासाकींनी त्यांना घेऊन अमेरिकी फळी फोडली. वाटेतल्या वैद्यकीय तंबूंपर्यंत ते पोचले आणि ज्याला पुढे इंजिनियर हिल नाव पडले त्या टेकडीवर अभियंते, स्वयंपाकी, कारकून यांनी हाताला येईल ते घेऊन त्यांना रोखले. उरलेल्या पुष्कळांनी हातबॉम्ब छातीशी धरून जीव दिला. अडीच हजारांच्या आसपास जपानी मेले, जिवंत पकडलेले तीसही नाहीत.

हल्ल्याआधी जखमी जपान्यांचे काय केले हे कळते ते डॉक्टर पॉल नोबुओ तात्सुगुची यांच्या डायरीमुळे. ते कॅलिफोर्नियात शिकलेले, धर्माने ख्रिस्ती. ज्यांना चालता येत नव्हते अशा रुग्णांना त्या रात्री संपवल्याची नोंद तीत आहे. मूळ वही हरवली. फिरतात त्या भाषांतराच्या प्रती आणि त्या एकमेकींशी जुळत नाहीत. त्यामुळे समाजमाध्यमांवर त्यांच्या तोंडी घातलेली लांबलचक वाक्ये जपूनच वाचा.

१२. ‘मॅसॅकर बे’ हे नाव या कत्तलीवरून पडले का?

नाही. ते या लढाईच्याही दोनशे वर्षे आधीचे आहे. १७४५ मध्ये रशियन फर शिकाऱ्यांनी इथे उनंगन पुरुषांना ठार मारले, त्यावरून. (प्रश्न ३ पाहा.)

१३. किस्कावर ३४,००० सैनिक रिकाम्या बेटाशी लढले, ही थाप आहे ना?

थाप नाही. अट्टू पडल्यावर किस्काचे जपानी पेचात सापडले. २६ जुलै १९४३ ला अमेरिकी युद्धनौकांनी रडारवर दिसलेल्या ठिपक्यांवर तोफा डागल्या. तिथे काहीच नव्हते. मग त्या इंधन घ्यायला दूर गेल्या. नेमक्या त्याच वेळी रिअर अ‍ॅडमिरल मासातोमी किमुरा यांचा ताफा धुक्यातून आत आला आणि ५,१८३ माणसे ५५ मिनिटांत उचलून घेऊन गेला.

त्यानंतर दोन आठवडे अमेरिकी विमाने बेटावर बॉम्ब टाकत राहिली. खालून तोफा गप्प झाल्याचे काही वैमानिकांनी सांगितलेही, पण अट्टूचा चटका ताजा होता. १५ ऑगस्टला अमेरिकी आणि कॅनडाचे सैन्य उतरले. धुक्यात हललेल्या प्रत्येक सावलीवर गोळी सुटली. आपल्याच लोकांच्या गोळ्या, मागे ठेवलेले सुरुंग, आणि ‘अ‍ॅबनर रीड’ या विनाशिकेखाली फुटलेला पाणसुरुंग. एकट्या त्या जहाजावर सुमारे ७० जण गेले. मृत आणि जखमी मिळून आकडा तीनशेच्या वर. अट्टूवरून एक धडा मात्र घेतला होता: या वेळी बूट आणि कपडे बरे होते.

१४. कॅनडाने सक्तीने भरती केलेल्यांना परदेशी पाठवायचे नाही असे ठरवले होते. मग ते किस्कावर कसे?

बारकाईने वाचणाऱ्याचा प्रश्न. किस्कावर उतरलेल्या कॅनडाच्या ब्रिगेडमध्ये सक्तीने भरती केलेले पुष्कळ होते. अ‍ॅलास्का उत्तर अमेरिकेतच, म्हणजे घराच्या रक्षणातच मोडते, असा अर्थ लावून सरकारने खास आदेश काढला.

१५. अकुतान बेटावर सापडलेल्या जपानच्या झीरो या लढाऊ विमानावरून अमेरिकेने आपले हेलकॅट हे लढाऊ विमान बनवले, हे खरे का?

विमान सापडले हे खरे. तादायोशी कोगा यांच्या विमानाला ४ जून १९४२ ला डच हार्बरवर गोळी लागून तेल गळू लागले. अकुतानवर हिरवळ समजून ते चाके खाली सोडून उतरले. ती दलदल निघाली, विमान उलटले आणि कोगा मान मोडून गेले. पडलेले विमान नष्ट करायचा हुकूम साथीदारांना होता, पण मित्र आत जिवंत असेल या शंकेने त्यांनी गोळ्या झाडल्या नाहीत. जुलैत ते अमेरिकनांना सापडले, दुरुस्त होऊन सॅन दिएगोत उडाले आणि त्याच्या उणिवा वैमानिकांना कळल्या. हेलकॅट मात्र २६ जून १९४२ लाच पहिल्यांदा उडाले होते. म्हणजे झीरो सापडण्याच्या आधी. एवढी एक तारीख पुरे.

१६. अट्टू ही अमेरिकी भूमीवरची या युद्धातली एकमेव लढाई का?

‘उत्तर अमेरिकेतली जमिनीवरची’ असे म्हणा, मग बरोबर. ग्वाम आणि फिलिपिन्स तेव्हा अमेरिकेच्याच ताब्यातले प्रदेश होते आणि तिथे याहून कितीतरी मोठ्या लढाया झाल्या. अ‍ॅलास्काही तेव्हा राज्य नव्हते. ते झाले १९५९ मध्ये.

१७. जपानी आणि अमेरिकी पुस्तकांत तारखा एका दिवसाने वेगळ्या का?

अट्टू आणि किस्का पूर्व गोलार्धात पडतात, पण आंतरराष्ट्रीय वाररेषा त्यांना अमेरिकेच्या बाजूला ठेवण्यासाठी पश्चिमेकडे वळवली आहे. जपानी सैन्य टोकियोची तारीख लिही. म्हणून कोमांदोर्स्कीची लढाई एकीकडे २६ मार्चला, दुसरीकडे २७ मार्चला. किस्काची सुटका २८ जुलै किंवा २९. या पानावर सगळ्या तारखा अमेरिकी बाजूच्या आहेत.

१८. तिथे भारतीय सैनिक, मराठा पलटणी होत्या का?

नाही. त्या काळात आपले जवान आफ्रिका, इटली, ब्रह्मदेश इथे होते. नामदेव जाधव आणि यशवंत घाडगे यांचे व्हिक्टोरिया क्रॉस इटलीतले आहेत.

१९. आता अट्टूला जाता येते का?

अवघड आहे. तटरक्षक दलाचे दिशादर्शन केंद्र २०१० मध्ये बंद झाल्यापासून बेट निर्मनुष्य आहे. ते वन्यजीव अभयारण्यात येते. परवानगी लागते आणि नेणारे जहाज लागते. दुर्मिळ पक्षी पाहणारे हौशी लोक मोठा खर्च करून जातात. २०१७ मध्ये अट्टूच्या जुन्या कुटुंबांतले काही वंशज गेले होते. इंजिनियर हिलवर जपान सरकारने १९८७ मध्ये उभारलेले शांतिस्मारक आहे. किस्कावर तोफा आणि एक छोटी पाणबुडी गंजत पडली आहे. न फुटलेला दारूगोळाही आहे, तेव्हा कशाला हात लावू नये. ज्यांना फक्त इतिहास पाहायचा आहे त्यांनी उनालास्का गाठावे. तिथे विमानाने जाता येते, युद्धाचे संग्रहालय आहे आणि उनंगन लोकांचे वेगळे संग्रहालयही आहे. दोन्हींसाठी वेळ ठेवा. परतीचे विमान धुक्यामुळे एक-दोन दिवस उशिरा सुटणे तिथे नेहमीचे आहे.